एक घर, चार मुले : ख्रिस्ती गृहपाठक्रमांचे भाषिक परीक्षण

वर्गासाठी पुस्तक लिहिणाऱ्याला वाचकाचे वय ठाऊक असते. घरासाठी लिहिणाऱ्याला ही सोय नसते. घरात एकाच दिव्याखाली पाच वर्षांचा मुलगा आणि तेरा वर्षांची मुलगी बसलेली असतात, मधल्या वयाची दोघे असतात, आणि त्यांच्या पाठीशी एखादी आजी असते, जिला वाचता येत नसले तरी प्रार्थना मात्र सर्वांहून अधिक येतात. ख्रिस्ती गृहशिक्षणाच्या पाठक्रमांची तुलना आजवर बहुधा सिद्धान्ताच्या किंवा किमतीच्या अंगाने झाली आहे. कोणता पाठक्रम कोणत्या पंथाचा, कोणता स्वस्त, कोणत्यात आईला कमी तयारी करावी लागते, असे हे प्रश्न असतात. ते निरर्थक नाहीत. परंतु त्या सर्वांच्या आधीचा एक भाषिक प्रश्न राहून जातो. पाठ संपल्यावर मूल कोणत्या भाषेत, किती लांबीचे आणि कोणाला उद्देशून बोलते, हा तो प्रश्न होय. प्रस्तुत परीक्षणात तोच निकष ठेविला आहे, आणि त्यासाठी वसईच्या उत्तर पट्ट्यातील, नंदाखाल-निर्मळच्या बाजूचे, पाच, सात, दहा व तेरा अशा वयांच्या मुलांचे एक कॅथलिक कुटुंब उदाहरणादाखल कल्पिले आहे.

वसई या परीक्षणास विशेष अनुकूल आहे. १५३४ मध्ये हा मुलूख पोर्तुगीजांकडे गेला आणि १७३९ मध्ये चिमाजी अप्पांच्या मोहिमेत मराठ्यांनी तो घेतला. त्या दोन शतकांत जे समाज ख्रिस्ती झाले ते आपापल्या बोलींसह झाले. सामवेदी, वाडवळ, कोळी अशा समाजांची बोली निरनिराळी राहिली. सामवेदी किंवा कादोडी ही बोली तर आजही हिंदू व ख्रिस्ती अशा दोन्ही घरांत नांदते. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेनंतर (१९६२–६५) लॅटिनऐवजी देशी भाषांतून उपासना सुरू झाली तेव्हा येथील वेदीवर प्रमाण मराठी आली, बोली आली नाही. त्यातच शाळेची भाषा दिवसेंदिवस इंग्रजी होत चालली. म्हणजे कल्पिलेल्या कुटुंबातील मूल चुलीजवळ सामवेदी, देवळात प्रमाण मराठी आणि वहीत इंग्रजी अशा तीन थरांत वावरते. गृहपाठक्रमाची निवड म्हणजे या तीन थरांपैकी श्रद्धेची भाषा कोणती, याचीही निवड असते. ती बहुधा नकळत होते, कारण पुस्तकाच्या किमतीच्या पत्रकात तिला रकाना नसतो.

कायद्याची बाजू थोडक्यात सांगितलेली बरी. २००९ च्या शिक्षणहक्क कायद्याने सहा ते चौदा वर्षांच्या मुलाला जवळच्या शाळेत घालणे हे पालकांचे कर्तव्य ठरविले आहे. त्यात घरच्या शाळेसाठी स्वतंत्र तरतूद नाही. घरी शिकणाऱ्या मुलांना पुढे परीक्षेसाठी राष्ट्रीय मुक्त विद्यालयी शिक्षण संस्थेचा मार्ग खुला असतो, आणि तेथे मराठी हा विषय घेता येतो. हा तपशील पुढे उपयोगी पडणार आहे.

आज जगात ‘ख्रिस्ती गृहशिक्षण’ म्हणून जे ओळखले जाते ते प्रामुख्याने अमेरिकन आहे. एकाहून अधिक मुलांच्या घराची अडचण सोडविण्याच्या रीतीवरून त्याचे दोन वर्ग सरळ पडतात. पहिल्या वर्गात प्रत्येक मुलाला स्वतःची शिडी दिली जाते. १९७० मध्ये टेक्सासात सुरू झालेली ‘अ‍ॅक्सिलरेटेड ख्रिश्चन एज्युकेशन’ ही योजना, १९७२ पासून फ्लोरिडातील पेन्साकोला येथून निघणारी ‘अबेका’ची पुस्तके, आणि कॅथलिकांपुरते बोलावयाचे तर १९८० मध्ये व्हर्जिनियात स्थापन झालेले ‘सीटन होम स्टडी स्कूल’, ही या वर्गातील ठळक नावे. दुसऱ्या वर्गात एकच विषय सर्व भावंडांना एकाच वर्षी देऊन केवळ खोली वयानुसार बदलली जाते. ‘माय फादर्स वर्ल्ड’चे पाच वर्षांचे आणि ‘टॅपेस्ट्री ऑफ ग्रेस’चे चार वर्षांचे आवर्तन ही याची उदाहरणे.

पहिल्या वर्गातील ‘अ‍ॅक्सिलरेटेड’ योजना भाषाभ्यासकाला सर्वांत बोलकी वाटावी अशी आहे. बोलकी अशासाठी की तीत मूल जवळजवळ बोलतच नाही. प्रत्येक विषयाच्या वर्षाला बारा पुस्तिका. मुलाने परिच्छेद वाचावयाचा, रिकाम्या जागी शब्द भरावयाचा, उत्तरपत्रिकेवरून आपले आपण तपासावयाचे आणि पुढची पुस्तिका उचलावयाची. अडल्यास हाक मारावयाची नाही, छोटे निशाण उभे करावयाचे, अशी तिच्या शिक्षणकेंद्रांतील रीत आहे. पाच विषय धरले तर एका मुलाच्या साठ पुस्तिका होतात. पाच वर्षांचा मुलगा अद्याप वाचावयास शिकत आहे म्हणून त्याला वगळले तरी कल्पिलेल्या घरात वर्षाला १८० पुस्तिका येतात. आईचे काम शिकविण्याचे उरत नाही, कोठीवाल्याचे होते. या योजनेचा गुण मान्य केला पाहिजे: चार मुलांच्या आईला तीत श्वास घेता येतो, आणि एका मुलाचा आजार दुसऱ्याचा पाठ अडवीत नाही. पण मुलाच्या उत्तराची लांबी एक शब्द, फार तर दोन. तीन भावंडे एका मेजावर तीन निरनिराळ्या पुस्तिका भरीत बसतात आणि घर शांत असते. त्या शांततेची किंमत भाषेच्या खात्यावर लिहिली जाते.

या पुस्तिकांत मधूनमधून चित्रकथा येतात. त्यांतील एका बालनायकाचे आडनाव ‘व्हर्च्युसन’, म्हणजे जणू सद्गुणपुत्र. नावातच चारित्र्य भरण्याची ही रीत मराठी वाचकाला नवी नाही. बन्यनच्या रूपककथेचे हरि केशवजींनी केलेले ‘यात्रिकक्रमण’ १८४१ मध्येच निघाले. फरक इतकाच की बन्यनच्या यात्रिकाचे नाव त्याच्या प्रवासाने सार्थ होते, आणि चित्रकथेतील मुलाला ते जन्मतः मिळालेले असते. भावंडांच्या भांडणांनी भरलेल्या घरात असा नायक कितपत खरा वाटेल, हा प्रश्न वाङ्मयसमीक्षेचा आहे तितकाच बालमानसशास्त्राचा.

अबेका आणि सीटन यांत मुलाला अधिक बोलावे लागते, हे खरे. अबेकाच्या मार्गदर्शिका पाठाचा क्रम इतक्या बारकाईने देतात की अननुभवी आईही तो पार पाडू शकते. परंतु वसईच्या कॅथलिक घराला तेथे दुसरी अडचण येते. हा प्रकाशक प्रॉटेस्टंट परंपरेचा असल्याने त्याच्या इतिहासात रोमन चर्चचे चित्र बाहेरून काढलेले असते. मुलाला रविवारी जे आपले म्हणून सांगितले जाते ते सोमवारी चूक म्हणून वाचावे लागते. सीटनमध्ये ही अडचण नाही. तेथे धर्मशिक्षणाला १८८५ च्या बाल्टिमोर प्रश्नोत्तरीचा आधार आहे, आणि त्या प्रश्नोत्तरीच्या लहानमोठ्या आवृत्त्या असल्याने धाकट्याला थोडी व थोरल्याला अधिक उत्तरे, अशी पायरी तयार मिळते. पण ‘आपला देश’ म्हणजे तेथे अमेरिका. १५५७ च्या सुमारास वसईत जन्मलेला आणि १५९७ मध्ये नागासाकी येथे क्रुसावर मारला गेलेला संत गोन्सालो गार्सिया वसईच्या मुलाला शेजारच्या वाडीतला वाटतो. अमेरिकन मुलासाठी रचलेल्या इतिहासात त्याची जागा, असलीच तरी, दूरच्या नावांत असणार.

आवर्तनाचे पाठक्रम भावंडांच्या घराला स्वभावतः जवळचे आहेत, कारण ते सर्वांना एका गोष्टीभोवती बसवितात. सात वर्षांचा चित्र काढतो, दहा वर्षांचा नकाशा भरतो, तेरा वर्षांची निबंध लिहिते. जेवताना तिघांना एकाच विषयावर भांडता येते. आवर्तनातही एक फट आहे, ती मात्र घरातल्या धाकट्यालाच दिसते. ‘माय फादर्स वर्ल्ड’चे कौटुंबिक आवर्तन साधारण दुसरी-तिसरीपासून आठवीपर्यंतचे, पहिल्या वर्षी देश व संस्कृती, दुसऱ्या वर्षी सृष्टीच्या उत्पत्तीपासून ग्रीकांपर्यंत, तिसऱ्या वर्षी रोमपासून धर्मसुधारणेपर्यंत, आणि पुढे दोन वर्षांत आधुनिक काळापर्यंत. आज आरंभ केला तर पाच वर्षांचा मुलगा सात वर्षांचा होऊन आवर्तनात शिरेल तेव्हा घरात रोमचे वर्ष चालू असेल. उत्पत्तीची कथा त्याने दाराआडून ऐकलेली असेल, आणि तेरा वर्षांची तर पहिले वर्ष संपताच आवर्तनाबाहेर पडलेली असेल. शिवाय ‘धर्मसुधारणा’ हा विभाजक टप्पाच युरोपच्या उत्तरेकडून मोजलेला आहे. वसईच्या मुलाला सोळावे शतक १५१७ ने उघडत नाही; ते किल्ल्याच्या भिंतीने उघडते.

येथवरच्या सर्व पाठक्रमांची इंग्रजी ही केवळ बाह्य वेष्टण आहे, भाषांतराने ती काढता येईल, असे कोणी म्हणेल. हा समज तपासावा लागतो, आणि त्यासाठी प्रश्नोत्तरी या सर्वांत जुन्या गृहपाठाकडे वळणे इष्ट.

प्रश्नोत्तरीचा नियम असा की उत्तराने प्रश्नातील शब्द पुन्हा उच्चारावेत, म्हणजे प्रश्न विसरला तरी उत्तर स्वतंत्र वाक्य म्हणून स्मरणात राहते. इंग्रजीत यासाठी मुलाला वाक्याची फेरमांडणी करावी लागते. नोहाने काय बांधले, या प्रश्नात तेथे प्रश्नशब्द वाक्याच्या आरंभी येतो, साहाय्यक क्रियापद मध्ये घुसते आणि मुख्य क्रियापदाचे भूतकाळी रूप नाहीसे होते. उत्तर देताना हे सर्व उलटे फिरवावे लागते. मराठीत प्रश्नशब्द आपल्या जागीच बसलेला असतो. ‘नोहाने काय बांधले?’ ‘नोहाने तारू बांधले.’ ‘तारू कोणी बांधले?’ ‘तारू नोहाने बांधले.’ एक शब्द काढला, दुसरा घातला, वाक्याचा ताल तोच. पाच वर्षांचे मूल थोरल्या भावंडांचे प्रश्नोत्तर दोनचार वेळा ऐकून त्यात सामील होऊ शकते, ते या रचनेमुळे. म्हणजे अनेक मुलांच्या घरासाठी तोंडी प्रश्नोत्तरी मराठीत जितकी सोपी आहे तितकी इंग्रजीत नाही. भाषांतराने येथे भर पडते. उलट रिकाम्या जागा भरण्याची रीत कोणत्याही भाषेत गेली तरी मुकीच राहते.

संबोधनाच्या बाबतीत मात्र मराठीची अडचण मोठी. पोर्तुगालात मार्कोस जोर्जे या येशूसंघीयाने सोळाव्या शतकात रचलेल्या प्रश्नोत्तरीत गुरू विचारतो आणि शिष्य उत्तर देतो. हिच्याच आधारे फादर थॉमस स्टीफन्स यांनी गोव्यातील कोकणीत ‘दौत्रिना क्रिश्तां’ रचली; ती त्यांच्या मृत्यूनंतर, १६२२ मध्ये, रायतूर येथे छापली गेली. त्याच मूळ ग्रंथावर आधारलेल्या जपानी प्रश्नोत्तरीत भूमिका उलटविल्या आहेत: तेथे बहुतेक ठिकाणी शिष्य विचारतो आणि गुरू समजावून सांगतो. एकाच पुस्तकाची ही दोन रूपे घराच्या दृष्टीने फार वेगळी ठरतात. गुरूने विचारावयाचे असेल तर घरात परीक्षा असते. शिष्याने विचारावयाचे असेल तर घरात शंका असते. आणि घरात गुरू कोण? बहुधा आई. मराठी मूल आईला ‘तू’ म्हणते, गुरूला ‘तुम्ही’ किंवा ‘आपण’. पुस्तकातील शिष्याचे वाक्य जसेच्या तसे आईला म्हणावयाचे तर मुलाला ती परकी करावी लागते. ‘तू’ म्हणावयाचे तर पुस्तकाचा ताठा गळून पडतो. इंग्रजीच्या एकाच सर्वनामाला ही पंचाईत नाही, आणि ही ऊबही नाही. वसईच्या घरासाठी कोणी प्रश्नोत्तरी लिहील तर तिच्यातील सर्वनामे ही पहिली कसोटी ठरेल.

स्टीफन्स यांच्या दुसऱ्या ग्रंथाचा उगमच या प्रश्नात आहे. १६१६ मध्ये छापलेल्या ‘ख्रिस्तपुराणा’च्या पहिल्या अवस्वरात एक प्रसंग आहे. साष्टीतील देवळात मुलांना दौत्रिन शिकविली जात असता एक ब्राह्मण उठून म्हणतो की हे सर्व उत्तम आहे, पण पूर्वीची पुराणे आम्हांला वर्ज्य झाली, तर त्यांच्या जागी काळ घालविण्यास दुसरे काही द्यावे. हा आक्षेप सिद्धान्तावर नाही, पाठक्रमावर आहे. मुलांच्या प्रश्नोत्तरीने थोरांची संध्याकाळ भरत नाही, ही त्याची तक्रार. तिच्यातून सुमारे अकरा हजार ओव्यांचा ग्रंथ निर्माण झाला: छत्तीस अवस्वरांचे पहिले पुराण जुन्या कराराचे, एकोणसाठ अवस्वरांचे दुसरे नव्या कराराचे.

अनेक वयांच्या घराला पुराण का मानवते, हे ओवीच्या घडणीत दिसते. पहिल्या तीन चरणांचे यमक लहान मुलाला पुढचा शब्द आधीच सुचविते, चौथा आखूड चरण विसावा देतो. कथा धाकट्यासाठी, उपमा मधल्यांसाठी, विवाद थोरल्यांसाठी. एकाच वाचनात प्रत्येकजण आपल्या वाट्याचे उचलतो आणि उरलेले पुढच्या वर्षासाठी ठेवितो. त्याला शिडी लागत नाही आणि आवर्तनातील फटही पडत नाही, कारण पुराण दरवर्षी पहिल्यापासून लागते. शब्दयोजनाही विचारपूर्वक आहे: स्वर्गासाठी ‘वैकुंठ’ ऐकू येते, तर चर्चसंस्थेशी निगडित अनेक शब्द पोर्तुगीजच ठेविलेले आढळतात. जेथे अनुभव जुना तेथे शब्द जुना, जेथे विधी नवा तेथे शब्द नवा, असे या योजनेचे सूत्र सांगता येईल.

तथापि ख्रिस्तपुराण हाच आजच्या वसईचा गृहपाठक्रम व्हावा, असे म्हणणे भाबडेपणाचे होईल. स्टीफन्स यांची मराठी ही गोव्यातील सतराव्या शतकाची ग्रांथिक मराठी. सर्वांना कळावी म्हणून तीत त्यांनी कोकणी मिसळली, पण ती साष्टीच्या श्रोत्यांसाठी. सामवेदी घरातील आजीला तिचा नाद ओळखीचा वाटेल, अर्थ मधूनमधून निसटेल. इंग्रजी शाळेतील तेरा वर्षांच्या मुलीचे दोन्ही निसटेल. लिपीचा अडसर १९५६ मध्ये शांताराम बंडेलू यांच्या देवनागरी आवृत्तीने दूर केला. (देवनागरी ठसे पाडण्याची इच्छा खुद्द स्टीफन्स यांनी १६०८ मध्येच रोमला लिहिलेल्या पत्रात व्यक्त केली होती, ती सफल झाली नाही आणि पुराण रोमन लिपीतच छापावे लागले.) अर्थाचा अडसर आवृत्तीने दूर होत नाही. फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्या ‘सुबोध बायबल’ने प्रमाण मराठीच्या थरापुरते हे काम फार चांगले केले आहे, आणि ते नंदाखालच्याच सुपुत्राने केले ही गोष्ट लहान नाही. मोठ्याने वाचण्यासाठी कल्पिलेल्या घराने इंग्रजी पाठक्रमातील कथापुस्तकाऐवजी ते हाती घ्यावे, हे उघड आहे. पण तेही चुलीजवळच्या बोलीपर्यंत पोहोचत नाही, आणि पोहोचावे अशी त्या ग्रंथाकडून अपेक्षाही करता येत नाही.

येथे एका जुन्या इंग्रज बाईंचे नाव घ्यावे लागते. शार्लट मेसन (१८४२–१९२३) यांनी अ‍ॅम्बलसाइड येथून १८९१ पासून घरी शिकणाऱ्या मुलांसाठी सत्रवार पाठ टपालाने पाठविण्याचा उपक्रम चालविला. ब्रिटिश साम्राज्यात पसरलेली कुटुंबे त्याचा लाभ घेत. आजचे कित्येक ख्रिस्ती गृहपाठक्रम त्यांचे ऋण सांगतात. त्यांच्या पद्धतीचे मर्म पुनःकथनात आहे: उतारा एकदाच वाचावयाचा, आणि मुलाने तो आपल्या शब्दांत सांगावयाचा. प्रश्न विचारावयाचे नाहीत. वर ठेविलेल्या निकषाला हीच एक रीत पुरी उतरते. पुस्तिकेत उत्तर एक शब्दाचे, प्रश्नोत्तरीत एका वाक्याचे, पुनःकथनात ते एका सलग भाषणाचे होते. आणखी महत्त्वाचे असे की इतर सर्व रीतींत प्रश्नाची भाषा उत्तराची भाषा ठरवून टाकते. पुनःकथनात ती मोकळी असते. ऐकलेले प्रमाण मराठीत असो वा इंग्रजीत, सांगणे सामवेदीत होऊ शकते. आजी तेव्हा केवळ साक्षीदार राहत नाही. नातवाने योनाची गोष्ट सांगताना क्रियापद चुकविले तर तिला ते दुरुस्त करता येते, आणि मत्स्याच्या पोटातील तीन दिवसांविषयी तिचे स्वतःचे काही म्हणणे असेल तर तेही सांगता येते.

मेसन बाईंच्या डोळ्यांपुढे असे घर नव्हते, हे स्पष्ट केले पाहिजे. वसाहतीतील इंग्रज मुलाने आसपासच्या भाषांपासून अलिप्त राहून इंग्रजी पक्की करावी, हाच त्या टपालशाळेचा प्रत्यक्ष उपयोग होता. रीत उचलताना हेतू मागे ठेवावा लागेल. दुसरा दोष असा की पुनःकथनाने व्याख्या पक्क्या होत नाहीत. कृपा म्हणजे काय, संस्कार किती, हे कथेतून निघत नाही, त्याला प्रश्नोत्तरीच हवी. चार मुलांचे कुटुंब म्हणून रोज अर्धा तास सर्वांचे पुनःकथन आणि आठवड्यातून एकदा मराठी प्रश्नोत्तरी असा मेळ घालू शकेल. गणित व विज्ञान यांसाठी प्रत्येकाची स्वतंत्र शिडी लागेलच, आणि तेथे इंग्रजी पुस्तिकांना आक्षेप घेण्याचे कारण नाही. कुटुंब मुलांना शाळेत पाठवूनही यांतील पहिली दोन कामे सायंकाळच्या माळेनंतर करू शकते. कायद्याचा प्रश्न तेथे उरतच नाही.

एक आक्षेप याहून गंभीर आहे. बोलीत सांगितलेली गोष्ट कोठे लिहिली जात नाही, परीक्षेत मोजली जात नाही. मुक्त विद्यालयाच्या उत्तरपत्रिकेत प्रमाण मराठीच लागते. मग दहाव्या वर्षापर्यंत बोलीत सांगावयाला शिकविलेले मूल पुढे मागे पडणार नाही काय? याचे उत्तर तत्त्वाने देण्यापेक्षा कामाने देणे बरे. दहा व तेरा वर्षांच्या मुलांनी धाकट्याचे सामवेदी कथन ऐकून ते देवनागरीत उतरवावे आणि त्याशेजारी त्याचे प्रमाण मराठी रूप लिहावे. असे करताना त्यांना लगेच अडचणी येतील: प्रमाण लेखनात ज्यांना चिन्ह नाही असे उच्चार कसे दाखवावेत, ऱ्हस्व-दीर्घ बोलीप्रमाणे ठेवावेत की व्याकरणाप्रमाणे, पोर्तुगीजमधून आलेला शब्द कानाला येईल तसा लिहावा की मुळाकडे वळवावा, आणि एका गावचे रूप दुसऱ्या गावच्या आजीला मान्य नसेल तर पानावर कोणते ठेवावे.